माळवदाचं ओझं

1936 साली गांधीजी वर्ध्याजवळच्या शेगावात, म्हणजे नंतरच्या सेवाग्रामात, राहायला गेले. तिथली बापू कुटी मीराबहन यांनी बांबू, माती, कौलं आणि शेणाचं सारवण एवढ्यावर उभी केली. घरासाठीचं सामान पाचेक मैलांच्या आतलं असावं, हे गांधीजींचं म्हणणं वास्तुरचनाकार लॉरी बेकर यांनी मनावर घेतलं आणि पुढे केरळात हयातभर तसंच बांधकाम केलं. त्यांनी विटा काठावर उभ्या रचून भिंतीत पोकळी सोडली, म्हणजे विटा कमी लागतात आणि घरही थंड राहतं. स्लॅबच्या ज्या भागात काँक्रीटला फारसं काम नसतं तिथे त्यांनी जुनी मंगलोरी कौलं घातली. सेवाग्रामात जे व्रत होतं, त्याचा बेकरांच्या कामात चोख हिशेब झाला. वर्ध्याच्या ग्रामोपयोगी विज्ञान केंद्राने तर कुंभाराच्या चाकावरची शंकूसारखी कौलं एकात एक बसवून, लाकूड-लोखंडाशिवाय कमानीचं छप्पर करून दाखवलं.

मग 30 सप्टेंबर 1993ची पहाट उजाडली. किल्लारी परिसरातल्या भूकंपात हजारो माणसं स्वतःच्याच घरांखाली गाडली गेली आणि मराठवाड्याचा मातीवरचा विश्वास उडाला. पुनर्वसित गावांत सिमेंटची घरं आली. ज्यांनी आपली माणसं ढिगाऱ्यातून उपसली, त्यांना मातीचे गुण सांगायला जाणं मला क्रूरपणाचं वाटतं.

तरीही तिथे नेमकं काय पडलं, हे नीट पाहायला हवं. गळती थांबवायला माळवदावर, म्हणजे मातीच्या सपाट छतावर, पांढऱ्या मातीचा थर टाकायचा, पुन्हा गळलं की पुन्हा थर. पिढ्यान्‌पिढ्या हे चालायचं, आणि छताचं वजन वाढत राहायचं. खाली दोन-अडीच फूट जाडीची दगडी भिंत. तिचे आतले आणि बाहेरचे पदर वेगळे, मध्ये खडी-मातीचा भराव, दोन्हींना सांधणारा आरपार दगड नाही. हादरा बसला आणि पदर फुटले. माळवद लाकडी खांबांवर पेललेलं होतं तिथे अनेक ठिकाणी भिंती पडल्या, पण छत उभं राहिलं. नंतर जुनी घरं मजबूत करताना माळवदावरची माती उतरवली गेली, भिंतींत आरपार भोकं पाडून सळई-काँक्रीटचे सांधे भरले गेले. स्वस्त घर कशाचं आहे याइतकंच ते कसं सांधलंय हेही महत्त्वाचं आहे, ही समज त्या कामातून आली. त्यासाठी फार मोठी किंमत मोजावी लागली.

आज पंतप्रधान आवास योजनेच्या ग्रामीण यादीत मातीची भिंत ‘कच्ची’ म्हणूनच नोंदली जाते. सपाट भागात घरकुलाला 1,20,000 रुपये मिळतात, आणि लाभार्थी साहजिकच सिमेंटकडे वळतो. चंद्रपूरच्या वीज केंद्राच्या राखेची वीट भट्टीत न भाजता, पाणी मारून पक्की होते. तीही चालेल, आरपार दगड घातलेली आणि वर भिंतींना सांधणारा पट्टा बांधलेली दगड-मातीची भिंतही चालेल. पण हे करणारा गवंडी तालुक्यात असायला हवा, आणि त्याने बांधलेल्या भिंतीला ‘पक्की’ म्हणणारा इंजिनिअर पंचायत समितीत.