खटल्यात नसलेला माणूस

मेडिकलच्या राखीव सीटचा खटला कोर्टात उभा राहतो तेव्हा एका बाजूला उमेदवार असतो, दुसऱ्या बाजूला सरकार. ज्याची सीट गेली तो कुठंच नसतो. तो एखाद्या पाड्यावर असेल, नाहीतर रोजगार हमीवर खडी फोडत असेल. आपली सीट कुणी खाल्ली हे त्याला कळतसुद्धा नाही. त्याच्या नावानं वकीलपत्र निघत नाही. मला बोलायचंय ते ह्या माणसाबद्दल.

सुप्रीम कोर्टातलं १९९४ सालचं प्रकरण घ्या. दोन सख्ख्या बहिणी. दावा महादेव कोळी, म्हणजे अनुसूचित जमातीचा. बापाच्या शाळेच्या नोंदीत मात्र 'हिंदू कोळी'. दावा कोसळला. पण पुढं काय झालं बघा. थोरली एम.बी.बी.एस.च्या शेवटाला आलेली, तिला शेवटच्या वर्षाची परीक्षा द्यायची मुभा. धाकटी दंतवैद्यकाला, तिला जमातीच्या सवलतीवर पुढं शिकायला मनाई. घर एक, बाप एक, दावा एक. फरक फक्त सरलेल्या वर्षांचा. म्हंजे कोर्टकचेरीत जेवढा काळ काढाल तेवढं खोटं पातळ होतं काय?

२००० साली हाच सवाल घटनापीठापुढं आला. १९८५-८६ साली 'हलबा' म्हणून मेडिकलला गेलेला उमेदवार. मूळचा कोष्टी, असं पडताळणी समितीचं म्हणणं. पाच न्यायमूर्तींनी सांगितलं, राष्ट्रपतींच्या यादीत जो शब्द आहे तोच वाचायचा, हलबात कोष्टी घुसवता येणार नाही. तत्त्व आदिवासींच्या बाजूनं लागलं. डिग्री मात्र त्याच्याकडंच राहिली. पंधरा वर्षं उलटली, सरकारचा एवढा पैसा लागला, आता डॉक्टरकी काढून कुणाचं भलं होणार?

ह्या युक्तिवादाला मी हसत नाही. पेशंट दाखला बघून नाडी पुढं करत नाही. डिग्री फाडली तरी १९८५ची सीट १९८५च्या पोराला मिळत नाही, हेही खरंच. पण हिशोबात कोण धरलं? सरकारचा पैसा धरला, पेशंट धरला, डॉक्टर धरला. त्या पोराचीही पंधरा वर्षंच गेली, ती कुणी मोजली नाहीत. आणि तो डॉक्टर होऊन कदाचित ज्या पाड्यावर गेला असता, तिथला पेशंट ह्या पेशंटात धरला होता का?

पुढं महाराष्ट्रानं कायदा केला, १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू. दाखला खोटा ठरला की डिग्रीही रद्द. २०१७ साली सुप्रीम कोर्टानं तो कलमासकट उचलून धरला. वर्षं सरली म्हणून सुटका नाही. मला हे बरोबर वाटतं. कठोर आहे, पण बरोबर.

आता ह्याच कायद्याची दुसरी धार. दावा सिद्ध करायचं ओझं दावा करणाऱ्यावर. मग चोरासाठी लावलेल्या सापळ्यात खऱ्याचाच पाय अडकतो. १९५० आधीचा कागद आण म्हणतात. आजा शाळेत गेला असता तर आणला असता. गावानं पाणवठ्यावर कधी आपल्याला दाखला मागितला होता? आदिवासी पोराला तर तुमचे देव कोणते, लग्नं कशी लागतात, हे विचारतात. बाप शहरात हमाली करत वाढला, पोराला काय सांगता येणार? ही आप्तभाव चाचणी म्हंजे काही शेवटची कसोटी नव्हे, हे सुप्रीम कोर्टाला २०२३ साली सांगावं लागलं. आणि आपलं? १९५६ साली जात टाकली, तर केंद्राच्या लेखी १९९० पर्यंत आपण अनुसूचित नव्हतोच. टाकलेल्या जातीचा पुरावा शोधत फिरणं ही आपल्या वाट्याची खास गंमत.

म्हणून शाखेतल्या पोरांना माझं म्हणणं, अकरावी-बारावीच्या मुलांची यादी आत्ताच करा. तहसीलमधून गाव नमुना १४ आणि कोतवाल बुकाच्या नकला काढा, जुन्या शाळेतून आजा-चुलत आजाचा प्रवेश रजिस्टरचा उतारा काढा. बापाकडच्या सख्ख्या-चुलत्यात कुणाची वैधता झाली असेल तर ती जोडा. अर्जाची पोच घ्या. आणि बाजूच्या पाड्यावरही जा, तिथं कुणी जात नाही.