सही कुठे करायची?

मे १९९८ मध्ये बजरंग दलाच्या कार्यकर्त्यांनी मुंबईत मकबूल फिदा हुसेन यांच्या घरात घुसून मोडतोड केली, तेव्हा आम्ही गावात निषेधाचे पत्रक घेऊन फिरलो होतो. पहिली सही एका चित्रकला शिक्षकांची. घरी नित्य पूजाअर्चा करणारा माणूस. हुसेनने काढलेली सरस्वती आपल्याला अजिबात आवडलेली नाही, असे सांगूनच त्यांनी सही केली.

२००४ मध्ये हुसेन यांचा ‘मीनाक्षी’ हा चित्रपट आला आणि आपल्याच काही संघटनांच्या विरोधामुळे लगेच मागे घेतला गेला. त्या आठवड्यात गुरुजी बाजारात भेटले. म्हणाले, “या वेळी पत्रक कधी काढताय? सही कुठे करायची?” आम्ही “बघू” म्हणालो आणि पिशवी सावरत निघून आलो.

विरोध एका कव्वालीला होता. सूरे नूरमध्ये अल्लाहच्या प्रकाशाचे जे वर्णन आहे, त्यातले शब्द त्या गाण्यात होते आणि पडद्यावर ते एका स्त्रीच्या सौंदर्याशी जोडले गेले, असा आक्षेप होता. तो अगदीच पोकळ होता असे आम्ही म्हणणार नाही. ज्या शब्दांपुढे आपण वजू करून बसतो, ते तिकीट काढून ऐकावेत का, हा प्रश्न श्रद्धावानाला पडणारच. पण उरुसात पेटी-ढोलकीच्या साथीने कव्वाल असेच शब्द इश्काच्या भाषेत मिसळतो, तेव्हा आपल्यापैकी बरेचजण मान डोलावतात. मग दर्ग्यातून पडद्यावर जाताना शब्दांचे नेमके काय बिघडले?

हुसेन यांचे सारे आयुष्य या ये-जा करण्यातच गेले. जन्म पंढरपूरचा, १९१५ चा. आई तान्हेपणीच गेली, बालपण इंदूरला. बडोद्याच्या मदरशात खत गिरवलेला हात पुढे मुंबईत सिनेमाचे बोर्ड रंगवू लागला. १९६७ मध्ये फिल्म्स डिव्हिजनसाठी त्यांनी राजस्थानवर एक छोटा चित्रपट केला. त्यात एकही संवाद नाही. बर्लिनच्या महोत्सवात त्याला सुवर्ण अस्वल मिळाले. भीमसेन जोशी गात आहेत आणि हुसेन मंचावर रंगवत आहेत, असेही झाले. १९९२ मध्ये ‘श्वेतांबरी’साठी त्यांनी जहांगीर कलादालन पांढऱ्या कापडाने झाकले आणि जमिनीवर फाडलेली वर्तमानपत्रे पसरली. (आम्हाला तेव्हा तो चाळा वाटला होता. अजूनही थोडा वाटतो.) त्याच वर्षी कोलकात्यात त्यांनी लोकांसमोर देवींची चित्रे काढली आणि शेवटी स्वतःच पांढऱ्या रंगाने पुसून टाकली. विसर्जन पाहत वाढलेल्या शहराला त्याचा अर्थ सांगावा लागला नाही. मात्र १९९६ मध्ये सत्तरच्या दशकातली जुनी रेखाटने एका हिंदी मासिकात छापून आली आणि त्यांच्यावर खटले सुरू झाले.

माध्यम बदलले की अर्थ बदलतो, हे आम्ही देवीच्या चित्रांच्या वेळी मोठ्या तावातावाने सांगत होतो. खजुराहोचे दाखले देत होतो. पण सरस्वतीच्या चित्राने आमचे काही दुखलेच नव्हते, त्यामुळे आमची सही फुकटची होती. गुरुजींचे दुखले होते, तरी त्यांनी केली. आमच्यावर तशी वेळ आली तेव्हा आम्हाला मोहल्ला आठवला, जुम्म्याला भेटणारी माणसे आठवली. आपल्यात फूट दिसायला नको, असेही आम्ही स्वतःला सांगितले.

दिल्ली उच्च न्यायालयाने मे २००८ मध्ये हुसेन यांच्यावरील अश्लीलतेचे खटले रद्द केले. त्याआधी दोन वर्षे ते देश सोडून गेले होते. २०१० मध्ये त्यांनी कतारचे नागरिकत्व घेतले, २०११ च्या जूनमध्ये लंडनला वारले आणि तिकडच्याच मातीत दफन झाले. आमच्या गावात शोकसभा झाली. आम्ही तिथे परधर्मीयांच्या असहिष्णुतेवर बोललो. ‘मीनाक्षी’चे नाव काढले नाही.

चित्रपट आम्ही पुढे केव्हातरी सीडीवर पाहिला. हैदराबाद, जैसलमेर, प्राग अशी शहरे आहेत, रंग देखणे आहेत, गोष्ट मात्र हाती लागत नाही. ती कव्वाली सर्वांत चांगली वाटली. गुरुजींना जाऊन हे सांगितले. ते म्हणाले, “मलाही कंटाळाच आला. पण सही केली असती.”