विजापूर : कृष्णाखोऱ्याची विसरलेली राजधानी

विजापूर हे आदिलशाहीच्या राजधानीचे शहर. 1490 मध्ये बहमनी सुलतानांचा सुभेदार यूसुफ आदिलखान याने येथे स्वतंत्र कारभार सुरू केला. 12 सप्टेंबर 1686 रोजी औरंगजेबाने शहर घेईपर्यंत यूसुफच्या वंशाने येथून राज्य केले. वाई, कराड, मिरज, जत, म्हसवड हा आजचा सातारा-सांगलीचा मुलूख या काळाच्या मोठ्या भागात विजापूरच्याच अमलाखाली होता. या मुलखातल्या वतनांची फर्माने विजापुराहून येत आणि इथले घोडेस्वार विजापूरच्या फौजेत असत. तरीही मराठी वाचकाच्या मनात विजापूर उरते ते मुख्यतः अफजलखान जिथून निघाला ते शत्रूचे ठाणे म्हणून. ही आठवण खरी असली तरी अपुरी आहे. कृष्णेच्या वरच्या खोऱ्यातील गावगाडा, कागदपत्रांची भाषा आणि बांधकामाची रीत ज्या शहराच्या सावलीत घडली, त्या शहराची ओळख एवढ्यावर पुरी होत नाही.

शहराची आखणी जवळजवळ वर्तुळाकार होती. बगदाद हे आठव्या शतकातले गोल नगर प्रसिद्ध आहे, पण ते एका आराखड्याने एकदम वसवलेले होते. विजापूर मात्र मधल्या आर्क किल्ल्याभोवती वाढत गेले आणि तट त्याला मागाहून मिळाला. 1565 च्या जानेवारीत राक्षसतागडीच्या लढाईत विजयनगरचा पाडाव झाला आणि पहिल्या अली आदिलशहाच्या हाती पैसा व कारागीर आले. सुमारे दहा किलोमीटर घेराचा तट त्याच सुमारास पुरा झाला. तटाचे तुकडे वेगवेगळ्या सरदारांना वाटून दिले होते असे सांगतात. बुरुजांच्या बांधणीत आजही दिसणारा कमीजास्तपणा पाहता ते पटण्याजोगे आहे. पश्चिमेला मक्का दरवाजा, उत्तरेला बहमनी, पूर्वेला अलीपूर, वायव्येला शहापूर असे दरवाजे होते आणि त्यांच्या बाहेर पेठा व पुरे पसरले होते.

बाजाराचे वर्णन एका परक्या माणसाने लिहून ठेवले आहे. अकबराचा वकील असद बेग सतराव्या शतकाच्या अगदी सुरुवातीला विजापुरात आला. दोन कोस लांबीचा रुंद रस्ता, दुकानांपुढची हिरवी झाडे, जवाहिरे, कापड, अत्तरे, भाकरी आणि मद्य यांची एकाला एक लागून असलेली दुकाने पाहून तो थक्क झाला. तंबाखूही त्याने पहिल्यांदा इथेच पाहिली आणि आग्र्याला नेऊन अकबरापुढे ठेवली. या बाजारासाठी दाभोळ बंदरात उतरलेला माल घाट चढून कराड-मिरजेच्या वाटेने देशावर येई. गोवे 1510 मध्ये पोर्तुगीजांनी घेतल्यावर कोकणातल्या उरलेल्या बंदरांचे मोल वाढले आणि त्यांच्याकडे जाणाऱ्या घाटवाटांचेही. कराडच्या मशिदीचे उंच मनोरे त्याच वाटेवर उभे आहेत.

एवढ्या वस्तीला पाणी पुरवणे हा विजापूरचा सर्वांत कठीण प्रश्न होता. पाऊस बेताचा, जमीन काळी आणि मोठी नदी दूर. पश्चिमेला तोरवीजवळ झऱ्यांचे पाणी अडवून ते भुयारी वाटेने शहरात आणले गेले. पुढे 1651 मध्ये मुहम्मद आदिलशहाने दक्षिणेला बेगम तलाव बांधला आणि तिथून खापरी नळ शहरभर फिरवले. नळाच्या वाटेवर ठिकठिकाणी दगडी बुरूजवजा उंच चौथरे आहेत. त्यांना गंज म्हणतात. नळातले पाणी गंजात वर चढे, त्याचा जोर मोडे, गाळ तळाशी बसे आणि पाणी पुढच्या नळात निवांत उतरे. नळ तुंबला तर नेमका कुठे, हेही गंजावरून कळे. पुण्याच्या कात्रजच्या नळावरचे उसासे ज्यांनी पाहिले असतील त्यांना ही युक्ती चटकन उमगेल. याखेरीज चाँद बावडी आणि 1620 ची ताज बावडी या भव्य पायविहिरी होत्या. कमानीतून खाली उतरत गेले की चारी बाजूंनी ओवऱ्या लागतात. प्रवाशाने तिथे टेकावे, पाणी भरणारीने घटकाभर विसावा घ्यावा, अशी ती सोय. शहराची खरी मोठाई घुमटांइतकीच या पाण्याच्या व्यवस्थेत आहे.

घुमटांत गोल घुमट जगाला ठाऊक आहे. 1656 मध्ये वारलेल्या मुहम्मद आदिलशहाची ही कबर. आतला चौक सुमारे 41 मीटर बाजूचा आहे आणि एकाही खांबाशिवाय त्यावर घुमट उभा आहे. घुमटाचा आतला व्यास सुमारे 38 मीटर आहे. रोमच्या पँथिऑनचा घुमट व्यासाने याहून मोठा, पण गोल भिंतीवर बसवलेला. चौकोनावर बसल्यामुळे विजापूरच्या घुमटाखालची जमीन अधिक भरते. चौकोनावर वर्तुळ बसवण्याची हिकमत इथे डोळ्यांनी वाचता येते. भिंतींपासून निघालेल्या आठ मोठ्या कमानी एकमेकींना छेदत वर जातात आणि वर अष्टकोन तयार होतो. छेदलेल्या कमानींमधला चुन्या-विटांचा भार आत झुकलेला आहे. घुमट आपल्या वजनाने बाहेर रेटू पाहतो, तर हा आतला भार त्याला उलट ओढतो आणि दोन्ही रेटे एकमेकांना सावरून धरतात. घुमट रचला आहे तो विटा आणि जाड चुन्यात, त्यामुळे वाळल्यावर सगळा एकजीव होऊन बसला. सहलीला आलेली मुले वरच्या सज्जात टाळ्या वाजवून प्रतिध्वनी मोजतात. त्याच सज्जातून खाली पाहत कमानींचा हा खेळ ध्यानात घेतला तर इमारतीचे मर्म हाती लागते.

कारागिरीच्या दृष्टीने मात्र इब्राहिम रौजा सरस आहे. दुसऱ्या इब्राहिमची (1580–1627) ही कबर आणि समोरची मशीद मलिक संदल या स्थपतीच्या देखरेखीखाली उभी राहिली. कबरीच्या दालनाचे छत सपाट आहे, शिळा एकमेकींना नुसत्या सांध्यांनी धरून आहेत आणि खालून आधार असा दिसत नाही. खिडक्यांना जाळी आहे ती अक्षरांची. दगड कोरून उरवलेली अरबी वाक्येच उजेड आत सोडतात. छज्ज्याखाली एकाच दगडातून कोरलेल्या साखळ्या लोंबतात. गोल घुमटाने भार पेलला, रौज्याने दगडाचे जडपण घालवले.

हा इब्राहिम विजापूरचा सर्वांत निराळा सुलतान. त्याने दख्खनी भाषेत गीतांचा ‘किताब-ए-नवरस’ रचला आणि त्यात सरस्वती व गणेशाचे स्मरण केले. लोक त्याला जगद्गुरू म्हणत. 1599 मध्ये त्याने तोरवीजवळ नवरसपूर हे नवे नगर वसवायला घेतले. 1624 मध्ये मलिक अंबरच्या फौजेने ते लुटले आणि ते पुन्हा उभे राहिले नाही. इब्राहिम नऊ वर्षांचा असताना गादीवर बसला, तेव्हा कारभार त्याची काकी चाँदबीबी पाहत होती. किश्वरखान नावाच्या वजिराने तिला पकडून साताऱ्याच्या किल्ल्यावर कैदेत टाकले. थोड्याच काळात हबशी सरदारांनी सत्ता घेऊन तिला सोडवले. या किल्ल्याच्या, म्हणजे अजिंक्यताऱ्याच्या, इतिहासात हा प्रसंग सहसा सांगितला जात नाही, आणि ही उणीव बोचणारी आहे. मिरजेचा किल्लाही असाच. पहिला अली राजपुत्र असताना बापाच्या मर्जीतून उतरून तिथे नजरेखाली होता आणि 1558 मध्ये तिथूनच गादीवर आला.

शहरातला समाज एकजिनसी कधीच नव्हता. इराण-तुराणातून आलेले आफाकी आणि इथेच रुजलेले दख्खनी यांच्यात दरबारात सतत चुरस असे. हबशी गुलामगिरीतून वर येऊन सेनापती झाले. मराठे सरदार हा चौथा थर. फलटणचे निंबाळकर, म्हसवडचे माने, जतचे डफळे, जावळीचे मोरे ही घराणी आपापल्या मुलखात देशमुखी सांभाळत आणि स्वार घेऊन विजापूरच्या चाकरीत जात. शहाजीराजे 1636 नंतर याच दरबारी होते. इतिहासकार फिरिश्त्याच्या म्हणण्यानुसार यूसुफची बेगम बूबूजी खानम ही मुकुंदराव या मराठा सरदाराची बहीण. पुढे पहिल्या इब्राहिमने (1534–58) हिशेबाचे दफ्तर फारसीतून काढून देशी भाषेत आणले व ब्राह्मण कारकुनांच्या हाती दिले. आदिलशाहीची फर्माने वर फारसी आणि खाली मराठी अशी दुहेरी लिहिलेली मिळतात. वाई प्रांतातल्या वतनाच्या तंट्यांत महजर होई. गोतसभा बसे, काजी हजर असे, निवाड्याच्या कागदावर काजीचा फारसी शिक्का उमटे आणि त्याखाली पाटील आपली निशाणी म्हणून नांगर काढी. वर्षाचा आकडा शुहूर सनाच्या अरबी शब्दांत, ‘इसन्ने खमसैन अलफ’ असा, मराठी कारकून मोडीत बिनचूक लिही. शहर आणि खेडे एकमेकांत किती मुरले होते याचा याहून थेट पुरावा नाही.

बायकांच्या जगात पोचले ते सूफी. बुऱ्हाणुद्दीन जानम (मृत्यू 1597) आणि अमीनुद्दीन आला (मृत्यू 1675) यांच्या परंपरेत दख्खनीतली चक्कीनामे आणि चरखानामे तयार झाली. जात्याची खुंटी, दळण, सूत यांच्या रूपकांतून देवाचे नाव घेणारी ती गाणी दळता-कातता म्हणायची. जात्यावरच्या ओवीची सवय असलेल्या मुलखात ती परकी वाटण्याचे कारण नव्हते. मिरजेचा मीरासाहेबांचा दर्गा याच विस्तृत सूफी जगातला. त्याच्या उरुसाला सर्व धर्मांचे लोक येतात.

1657 नंतर राज्य आतून पोखरले गेले. अफजलखान वाईचा सुभेदार होता आणि त्याला या मुलखाची खडान्‌खडा माहिती होती. 10 नोव्हेंबर 1659 रोजी प्रतापगडाखाली तो मारला गेला. 1673 मध्ये शिवाजी महाराजांनी सातारचा किल्ला घेतला. दुसऱ्या अलीची कबर, म्हणजे बारा कमान, कमानींवरच थांबली. दीड वर्षाच्या वेढ्यानंतर 1686 मध्ये तरुण सुलतान सिकंदर औरंगजेबापुढे शरण आला. पुढे छावणीत साथ पसरली, दरबार उठला, आणि दरबारावर जगणारे कारागीर पांगले. शहर निजामाकडे व 1760 मध्ये पेशव्यांकडे गेले.

1818 नंतर मात्र एक विलक्षण वळण आले. इंग्रजांनी प्रतापसिंह महाराजांसाठी जे सातारा संस्थान उभे केले, त्यात विजापूर होते. ज्या किल्ल्याचा उपयोग विजापूरकरांनी तुरुंगासारखा केला, त्याच्या पायथ्याची गादी आता विजापूरची धनी झाली. 1848 मध्ये संस्थान खालसा होईपर्यंत सुमारे तीस वर्षे हे चालले आणि पडझड होत असलेल्या मशिदी-कबरींची निगा राखण्याचा प्रयत्न सातारकरांनी केला. आसार महालातली अरबी-फारसी हस्तलिखिते 1853 मध्ये लंडनला गेली. 1885 मध्ये जिल्ह्याचे ठाणे कलादगीहून विजापुरात आले आणि आदिलशाही महालांत कचेऱ्या भरू लागल्या. जत व डफळापूर ही संस्थाने विजापूर एजन्सीत होती. त्यांचा मुलूख 1949 मध्ये दक्षिण सातारा जिल्ह्यात आला आणि त्याच जिल्ह्याचे पुढे सांगली झाले. जतहून विजापूर सांगलीपेक्षा जवळ आहे. 1956 च्या राज्य पुनर्रचनेत विजापूर कानडी राज्यात गेले, 2014 पासून त्याचे सरकारी नाव विजयपुरा आहे, आणि आदिलशाहीच्या दुहेरी कागदांचा मोठा साठा मात्र महाराष्ट्रातल्या दफ्तरांत राहिला आहे.