कक्षेला मागचं आठवत नाही

ऑर्बिटर नावाचा एक संगणकीय खेळ आहे. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजातल्या मार्टिन श्वाइगर या संशोधकाने 2000 साली तो लोकांना फुकट द्यायला सुरुवात केली आणि 2021 मध्ये त्याचा प्रोग्रामही सगळ्यांसाठी खुला केला. त्यात शत्रू नाहीत, गुण नाहीत, हरणं-जिंकणं नाही. यान आहे, इंधन आहे आणि न्यूटनचं गुरुत्वाकर्षण आहे. स्टेशन रोडच्या आमच्या दुरुस्तीच्या दुकानात एका जुन्या मशीनवर तो अजून चालतो. वारीच्या दिवसांत पंढरपूरचे रस्ते बंद होतात, गिऱ्हाईक दुकानापर्यंत पोचत नाही, तेव्हा मी तो उघडून बसतो. कर्मसिद्धान्ताबद्दल आज मला जे वाटतं, ते पोथीपेक्षा या खेळाने जास्त घडवलं आहे.

नवखा माणूस पुढच्या यानाला गाठायला इंजिन पेटवतो आणि उलट मागे पडतो. वेग दिला की कक्षा मोठी होते, फेरीला जास्त वेळ लागतो. गाठायचं तर वेग कमी करून खाली उतरावं लागतं. माझं मन मात्र दुसऱ्याच गोष्टीत गुंतलं. पृथ्वीजवळून जाताना इंजिन थोडा वेळ पेटवलं, तर तिथली उंची जवळजवळ बदलत नाही. बदल दिसतो पलीकडच्या टोकाला, अर्ध्या फेरीनंतर. आणि दुसऱ्या कशाचा ओढा नसेल, तर जिथे इंजिन पेटवलं त्याच जागेवरून यान दर फेरीला परत जातं. केलेलं कर्म तुमच्या वाटेतच मुक्काम करून राहतं. आमचे अण्णा चातुर्मासात प्रवचन करायचे. त्यांना हे पडद्यावर दाखवलं, तर म्हणाले, “अरे, मी दुसरं काय सांगतो? फळ द्यायला वेगळा कुणी बसावा लागत नाही.”

इथपर्यंत मला काहीच खटकत नव्हतं.

मग एका मठात, दुसऱ्या एका प्रवचनकारांपुढे, एक बाई आलेली मी पाहिली. कडेवर सात-आठ वर्षांचा मुलगा, पायांत जोर नसलेला. “महाराज, ह्यानं काय केलं असंल?” उत्तर आलं, मागच्या जन्मीचं फेडतोय. बाईने मान डोलावली, पदर सावरला आणि निघून गेली. तिला ते पटलं होतं, याचाच मला सर्वांत जास्त त्रास झाला. आजही होतो.

कारण कक्षा असं काही सांगतच नाही. कुठलीही कक्षा आणि यानाची तिच्यावरची जागा सहा आकड्यांत मावते. त्या सहांवरून यान पुढे कुठे असेल ते काढता येतं. पण इंजिन किती वेळा पेटलं, कधी पेटलं, कुणी पेटवलं, यातलं काहीही त्या आकड्यांत नसतं. एकाच कक्षेत येण्याच्या वाटा असंख्य असतात. 2013 चा नोव्हेंबर आठवा. 11 तारखेला मंगळयानाची कक्षा वाढवताना सेकंदाला 130 मीटर वेग वाढायला हवा होता, वाढला 35. पृथ्वीपासूनचं सर्वांत दूरचं टोक 71,623 किलोमीटरवरून जेमतेम 78,276 वर गेलं. 12 तारखेच्या पहाटे इंजिन पुन्हा पेटवलं आणि ते टोक 1,18,642 किलोमीटरवर नेलं. तो शेवटचा आकडा नुसता हातात दिला, तर आदल्या दिवशी काही कमी पडलं होतं हे जगातला कुठलाही गणिती त्यावरून ओळखू शकणार नाही. हे ज्ञान इस्रोच्या नोंदींत होतं, कक्षेत नव्हतं.

कुणी म्हणेल, चित्रगुप्ताची वही आहे ना. असेलही. पण ती प्रवचनकाराच्या हातात नाही.

आणि आम्ही पंढरपूरकरांनी तरी हे विसरू नये. विठ्ठल मंदिराच्या महाद्वारी नामदेव पायरीसमोर संत चोखोबांची समाधी आहे. मंगळवेढ्याचं गावकूस अंगावर कोसळून ते 1338 साली गेले. जिवंतपणी त्यांना देवळात जाता आलं नाही. जन्म पाहून पूर्वकर्म वाचणाऱ्यांनी त्यांना दाराबाहेर ठेवलं आणि पुढे शतकानुशतकं त्यांच्या माणसांना ठेवलं. 1947 च्या मे महिन्यात साने गुरुजी तनपुरे महाराजांच्या मठात उपोषणाला बसले, तेव्हा ते दार उघडलं. सहाशे वर्षं एक समाज बाहेर उभा राहिला, आणि त्या बंदीला धर्माचा आधार म्हणून दिलं गेलं ते हेच उलटं वाचन. कर्माचा नियम मी मानतो. तो पुढे बघायला आहे. आज मी काय करतो त्याने उद्याची वाट बदलते, एवढं तो सांगतो, आणि माणसाला जबाबदार करायला तेवढं पुरेसं आहे. समोरच्याचं दुःख पाहून त्याचा गुन्हा शोधायचा अधिकार त्यातून कुणालाही मिळत नाही.

म्हणून येत्या आषाढीला पंढरीत जे कुणी प्रवचनाला बसतील, कीर्तनाला उभे राहतील, त्यांना हात जोडून विनंती आहे. अशी कुणी आई पुढे आली, तर तिच्या लेकराचा मागचा जन्म सांगू नका. उपचार कुठे होतात ते सांगा, आणि दर्शनाच्या बारीत तिला पुढे घ्या.