यश लाभले, मग अश्रू कशाचे?

३० ऑक्टोबर २०२५ रोजी नवी मुंबईत डी. वाय. पाटील स्टेडियमवर महिला विश्वचषकाचा उपांत्य सामना झाला. ऑस्ट्रेलियाच्या ३३८ धावांचा पाठलाग करताना मुंबईच्या जेमिमा रॉड्रिग्जने नाबाद १२७ धावा केल्या आणि भारत जिंकला. त्यानंतर तिने उघडपणे सांगितले, की या स्पर्धेत चिंतेने तिला ग्रासले होते. जवळजवळ रोज ती रडत असे, आईला फोन करून रडत असे. ज्या खेळाने नाव दिले, त्यानेच झोप हिरावली होती. याच स्पर्धेत एका सामन्यातून तिला वगळले गेले होते, २०२२ च्या विश्वचषक संघात तर स्थानच नव्हते.

भातकापणी उरकली की कर्जत-खालापूरची खाचरेही क्रिकेटची मैदाने होतात. एखादे गुणी मूल पहाटेच्या लोकलने किटबॅग घेऊन मुंबई गाठू लागते. त्याने एके दिवशी ‘खेळ नकोसा झालाय’ म्हटले, की घरातून पहिला शब्द येतो : नाशुक्री!

हा आरोप घाईचा आहे. पुत्रवियोगाने ह. याकूब (अ.) यांचे डोळे पांढरे पडले, असे सूरह यूसुफमध्ये आले आहे, आणि त्याच सूरहमध्ये त्यांच्या मुखी सुंदर सब्रचा उल्लेख आहे. देणगी देणाऱ्यास विसरणे ही नाशुक्री होय. देणगीचे ओझे जड झाले, असे सांगणे नव्हे.

ओझे मुळात कोण लादतो? प्रेषित मुहम्मद (स.) यांची अज़बा नावाची सांडणी शर्यतीत कधी हरत नसे. एका बदूचा तरुण उंट तिच्या पुढे गेला, तेव्हा सहाबांना ते फार लागले. जगात जे उंचावते त्यास खाली आणणे हा अल्लाहचा नियम आहे, असे प्रेषितांनी (स.) त्यांना समजावले. दुःख पाहणाऱ्यांना झाले होते. सांडणीला त्याचे काय!

ह. अब्दुल्लाह बिन अम्र (रजि.) सतत रोजे व रात्रभर नमाज करीत, तेव्हा शरीराचाही तुमच्यावर हक्क आहे, असे त्यांना बजावले गेले. इबादतीला मर्यादा आहे, तर सरावाला का नसावी? मात्र प्रत्येक अश्रूचा अर्थ खेळ सोडणे असाही नाही. जेमिमा खेळत राहिली. सांगलीची स्मृती मानधना नेट्सजवळ येऊन काही न बोलता नुसती उभी राहत असे, असे तिने सांगितले. सायंकाळच्या लोकलने परतलेल्या मुलाला ‘किती केल्यास?’ असे विचारण्यापूर्वी एवढे तरी आईबापांना करता येईल.