कोन आणि कोण

घाटकोपरला मेट्रोत बसल्या बसल्या बाईंनी विचारलं, "काय झालं वर्गात?"

"एक मुलगी आहे, वेसाव्याची. 'पानी' म्हणाली. पोरं 'हिंदी, हिंदी' करत हसली. मी सगळ्यांसमोर तिला तीनदा 'पाणी' म्हणायला लावलं. नंतर दिवसभर तिनं तोंड उघडलं नाही."

"हिंदी कुठली, अगं! ती लोण्याला 'लोनी' म्हणते?"

"हो. सगळीकडे न."

"मग तो नियम आहे. कोळी बोलीत ण च्या जागी न येतो. चुकणारा माणूस इतक्या नेमानं चुकत नाही."

"पण बाई, 'कोन' भूमितीतला आणि 'कोण' माणसाला विचारायचा. प्रमाण भाषेत एवढ्या एका ध्वनीनं अर्थ बदलतो, म्हणून तर न आणि ण वेगळे स्वनिम. तिच्याकडे हा भेदच नाही."

"आपल्याकडे तरी 'कर' एकच आहे. हात, पालिकेचा कर आणि 'काम कर'. कधी अडलं तुझं?"

साकीनाका गेलं.

"भाषाशास्त्रातला सोस्यूर तुम्हीच शिकवलात. पाण्याला 'पाणी'च म्हणावं असं पाण्यात काही नाही. नातं यादृच्छिक, समाजानं मानलेलं. म्हणूनच ते एकट्यादुकट्याला मोडता येत नाही."

"कुठल्या समाजानं मानलेलं? एकोणिसाव्या शतकात पुण्याकडच्या शिष्टांच्या बोलीला शाळा आणि छापखाना मिळाला. कोळ्यांच्या बोलीला नाही. १९६२ चे शुद्धलेखनाचे नियमसुद्धा लिहिण्याचे, तोंडाचे नव्हेत."

"हे परीक्षकाला सांगून भागेल? ण शिकवला नाही तर तिचे गुण जातील. शिकवला तर आजीचं बोलणं तिला अशुद्ध वाटू लागेल."

अंधेरीला डबा रिकामा झाला, तेव्हा बाई बोलल्या. "शिकव. भाषाशास्त्र वर्णन करून थांबतं, तुला थांबता येत नाही. पण दुसरी भाषा शिकवतात तसा शिकव, घरची जागेवर ठेवून."

"इंग्रजी शिकताना मराठी अशुद्ध ठरत नाही, बाई. प्रमाण मराठी शिकताना घरची बोली ठरते, कारण दोन्हींचं नाव मराठीच."

यावर त्या काही बोलल्या नाहीत. शेवटचं स्टेशन आलं. पाटीवर 'वर्सोवा'.

"गावात वेसावे, पाटीवर वर्सोवा. दोन्ही चालतात की."

"पण वेसावे म्हणणाऱ्याला तिकीटखिडकीवर कुणी तीनदा वर्सोवा म्हणायला लावत नाही."

"नाही," बाई उठल्या. "मग उद्या काय करशील?"

"ण शिकवीन. त्याआधी तिची माफी मागेन."

"वर्गासमोर?"

"हसले ते सगळे तिथेच बसतात."