साक्षीला कोण होते?

एका गुरूने आपल्या शिष्यांना एकेक केळे दिले आणि सांगितले, ‘जिथे कोणी पाहत नसेल अशा जागी जाऊन हे खाऊन या.’ ही गोष्ट आपल्यापैकी बहुतेकांनी लहानपणी ऐकलेली असते. कर्नाटकात ती कनकदासांच्या नावावर सांगतात. कोणी दाराआड, कोणी गोठ्यात, कोणी डोक्यावरून घोंगडे घेऊन आपापले केळे फस्त करून आला. एकटा कनकदास केळे तसेच हातात घेऊन परतला. कारण देव पाहत नाही अशी जागाच त्याला सापडली नाही. गोष्ट चांगली आहे, आणि मुलांनी फराळाच्या डब्याला दिवाळीआधीच हात लावू नये म्हणून सांगायला सोयीचीही आहे. पण तिच्यातला एक प्रश्न मला नेहमी अर्धवट राहिल्यासारखा वाटतो. समजा, एखाद्या शिष्याला तशी जागा खरोखरच सापडली असती, जिथे माणूस नाही, जनावर नाही आणि वादापुरता देवही नाही, तर तिथे त्याने केळे खाल्ले की नाही या प्रश्नाला काही उत्तर असते का?

तुम्ही म्हणाल, हा काय प्रश्न झाला! खाल्ले असेल किंवा नसेल. आपल्याला ठाऊक नाही, एवढेच. घडलेली गोष्ट घडलेलीच असते, ती कोणी पाहिली की नाही हा पुढचा भाग. सगळे जग असेच मानते आणि आपली न्यायालये, आपल्या हिशेबाच्या वह्या, आपली भांडणेसुद्धा याच विश्वासावर चालतात. परंतु या विश्वासाला जिच्या ठिकाणी धक्का बसतो अशी एक वस्तू आहे, आणि ती काही दुर्मिळ नाही. दिवाळीचे चार दिवस आपण तिला अंगणात, कोनाड्यात, खिडकीत मांडून ठेवतो. ती वस्तू म्हणजे प्रकाश.

थॉमस यंग हा इंग्लंडातला एक डॉक्टर. रोग्यांपेक्षा इतर गोष्टींतच त्याचे लक्ष अधिक; इजिप्तची जुनी चित्रलिपी उलगडण्याच्या खटपटीतही हा गृहस्थ होताच. 1803 सालच्या नोव्हेंबरात त्याने लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे एक निबंध वाचला. त्यातला प्रयोग इतका साधा आहे, की घरातल्या सुईदोऱ्याच्या डब्यावर तो भागावा. खिडकीच्या झडपेतल्या बारीक भोकातून उन्हाचा कवडसा खोलीत घ्यायचा आणि त्याच्या वाटेत एक कागदाची पट्टी काठावर उभी धरायची. पट्टी इंचाच्या तिसाव्या भागाइतकी रुंद. तिची सावली भिंतीवर पडते. ती काळी असावी; पण सावलीच्या आतच उजळ आणि काळे असे नाजूक पट्टे दिसतात आणि मध्यभाग तर उजळच असतो. आता पट्टीच्या एका बाजूने जाणारा प्रकाश अडवला, की सावलीतले सगळे पट्टे नाहीसे होतात. दुसऱ्या बाजूचा प्रकाश पूर्वीसारखा येत असतानाही! दोन भोकांचा किंवा दोन चिरांचा म्हणून जो प्रयोग आज पाठ्यपुस्तकांत असतो, तो यंगने 1807 साली छापलेल्या व्याख्यानांत मांडला. मर्म तेच आहे. तळ्यात दोन खडे टाकले, की दोन्हींच्या लाटा एकमेकींत मिसळतात. कुठे उंचवट्यावर उंचवटा चढतो, कुठे उंचवट्यात खळगा पडून पाणी स्थिर राहते. प्रकाशात प्रकाश मिळवून अंधार निघतो तो असा. म्हणजे प्रकाश ही लाट आहे.

वाचकांना याची चुणूक पाहायची असेल तर दूरच्या एखाद्या दिव्याकडे एक डोळा मिटून पाहावे आणि उघड्या डोळ्याजवळ दोन बोटे जवळजवळ चिकटवून धरावीत. त्या चिमुकल्या फटीत काळ्या उभ्या रेघा दिसतात. त्या बोटांच्या नव्हेत, प्रकाशाच्याच आहेत. मुलांना हे दाखवावे; फटाक्यांपेक्षा स्वस्त पडते.

लाटेचा हा संसार शंभर वर्षे सुखाने चालला. मग 1905 साली आइन्स्टाइनने दाखवून दिले, की धातूवर पडून त्यातून इलेक्ट्रॉन उडवताना प्रकाश लाटेसारखा वागत नाही. तो ठरावीक ऐवजाच्या पुड्यांनी येतो, सुट्या नाण्यांसारखा. तेव्हा साहजिकच शंका आली: प्रकाश इतका मंद केला, की एका वेळी एकच पुडी वाटेत असेल, तर पट्ट्यांचे काय होईल? मिसळायला जोडीदारच नाही! 1909 साली केंब्रिजमध्ये जेफ्री टेलर या तरुणाने काजळी धरलेल्या काचांतून गॅसची ज्योत अंधुक करीत नेली आणि तिच्या उजेडात सुईच्या सावलीचे छायाचित्र घेतले. सर्वांत मंद उजेडाला सुमारे दोन हजार तास लागले, म्हणजे जवळजवळ तीन महिने. एक मैलाहून थोड्या अधिक अंतरावर जळणाऱ्या मेणबत्तीचा उजेड जेवढा, तेवढाच तो होता. काच धुऊन पाहिली तर पट्टे जसेच्या तसे! आजच्या कसोटीला उतरेल असा एकेका प्रकाशकणाचा प्रयोग 1986 साली फ्रान्समध्ये आलँ आस्पे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केला. निकाल तोच. 1989 साली जपानमध्ये आकिरा तोनोमुरा यांनी इलेक्ट्रॉन एकेक करून सोडले. पडद्यावर आधी इकडेतिकडे ठिपके पडतात. रांगोळी काढायला बसलेल्या एखाद्या अजाण पोरीने टाकावेत तसे, कशाचा कशाला मेळ नाही. ठिपके हजारांनी वाढले, की त्यांतून पट्टे उभे राहतात. प्रत्येक ठिपका एकाच जागी पडतो, म्हणजे तो कण. आणि सारे मिळून पट्टे काढतात, म्हणजे ती लाट.

येथवर गंमत आहे. खरी अडचण पुढे आहे. एकट्या कणाने दोन चिरांपैकी कोणत्या चिरेतून प्रवास केला? ‘एकीतूनच केला असेल, आपल्याला ठाऊक नाही एवढेच,’ हे केळ्याच्या गोष्टीतले शहाणपण येथे वापरून पाहा. तो डावीकडून गेला असेल तर उजवी चीर उघडी असण्यानसण्याशी त्याला कर्तव्य काय? पण उजवी मिटली, की पट्टे जातात. बरे, पाहायला चिरांपाशी पहारा बसवावा, तर कण निमूटपणे एकीतूनच जाताना सापडतो, आणि त्याच क्षणी पट्टे पुसले जातात. 1927 साली ब्रुसेल्सला जमलेल्या परिषदेत आइन्स्टाइनने हा पहारा चुकवण्याच्या नाना युक्त्या काढल्या आणि बोरने एकेक मोडून काढली. वाट कळू द्याल तर पट्टे नाहीत; पट्टे हवेत तर वाट विचारू नका. वाट अर्धीमुर्धी कळली, तर पट्टेही तेवढेच फिके होतात. विद्वानांत याच्या अर्थाविषयी आजही एकमत नाही. 1952 साली डेव्हिड बोम यांनी मांडलेल्या मताप्रमाणे कण नेहमी एकाच चिरेतून जातो आणि त्याला वाट दाखवणारी लाट मात्र दोन्हींतून जाते. इतर बरेच जण म्हणतात, कोणती चीर या प्रश्नाला तेथे उत्तरच नसते. प्रयोग मात्र सर्वांना मान्य आहे.

यावरून एक पंथ निघालेला आहे, आणि माझा राग त्याच्यावर आहे. माझ्या ओळखीच्या एका घरात बारा वर्षांपूर्वी वडील वारले. जाण्याच्या आदल्या संध्याकाळी त्यांनी दोघा मुलांना जवळ बसवून राहत्या घराविषयी काही सांगितले. खोलीत तिघेच. थोरला म्हणतो, घर मला दिले आणि धाकट्याला पैसे द्यायला सांगितले. धाकटा म्हणतो, दोघांना निम्मे निम्मे. कागद नाही. दोघेही देवापुढे हात ठेवून सांगतात आणि दोघांच्याही डोळ्यांत पाणी येते. त्यांच्या नात्यातले एक सुशिक्षित गृहस्थ मध्यस्थीला गेले आणि म्हणाले, ‘अहो, आता विज्ञानसुद्धा सांगते, की सत्य पाहणाऱ्यावर अवलंबून असते. दोघांचेही खरे धरून चला!’ हे ऐकून थोरल्याला बरे वाटले. ज्याच्या ताब्यात घर असते त्याला अशी तत्त्वज्ञाने नेहमीच मानवतात.

आता विज्ञान खरोखर काय सांगते ते पाहू. 1999 साली व्हिएन्नात अँटोन झाइलिंगर यांच्या गटाने कार्बनचे 60 अणू चेंडूसारखे गुंफलेले रेणू बारीक चिरांच्या जाळीतून सोडले. एवढ्या ठोकळ रेणूंनीही पट्टे काढले. पुढे तेथेच 70 अणूंचे रेणू घेऊन दोन पडताळे झाले. 2003 साली नळीतल्या पोकळीत किंचित वायू सोडला. वायूचे कण रेणूंवर आपटू लागले आणि पट्टे फिके झाले. 2004 साली रेणूच लेसरने तापवले. तापलेली वस्तू स्वतःच प्रकाश टाकते. रेणू जाता जाता प्रकाश टाकू लागले, आणि त्या प्रकाशात ते कुठे होते याची खूण वाहून गेली. जसजसे तापवावे तसतसे पट्टे पुसट होत अखेर मावळले. यातला मुद्दा लक्षात घेण्याजोगा आहे. तो प्रकाश कोणी पाहिला नव्हता, पकडला नव्हता, त्याची नोंद घेतली नव्हती. माणसाच्या डोळ्याचा आणि मनाचा येथे काही संबंध आला नाही. कुठेतरी, कशावर तरी, वाटेची खूण उमटली, एवढे पुरले. पाहणारा म्हणून जो आपण समजतो तो हवेचा एखादा कणसुद्धा असू शकतो.

मग केळे खाणाऱ्या शिष्याला लपायला जागा कोठली? माणसाचे नुसते बसलेले शरीर सुमारे शंभर वॅट उष्णता टाकत असते, जुन्या बल्बाएवढी. तो हात हलवतो तेव्हा हवा ढवळते. दाताखाली घास येतो तेव्हा आवाज उठतो, भिंतीला लागतो, भिंत तसूभर का होईना, ऊबते. साक्षीवाचून राहायचे असेल तर व्हिएन्नातल्या त्या रेणूंसारखे, हवा उपसून काढलेल्या नळीतून, एकट्याने आणि फार न तापता जावे लागते. ही सवलत अतिसूक्ष्मांना आहे; घरे वाटून घेणाऱ्यांना नाही. त्या म्हाताऱ्याने त्या संध्याकाळी एक काहीतरी वाक्य उच्चारले होते. दोन्ही नव्हे, अर्धेअर्धेही नव्हे. खोलीतल्या हवेने ते घेतले, भिंतींनी घेतले, दोघांच्या कानांतल्या हाडांनी घेतले. ‘दोघांचेही खरे’ ही सामोपचाराची भाषा म्हणून मला चालेल; पदार्थविज्ञानाच्या नावावर ती खपवली तर चालणार नाही.

पण येथे थांबून धाकट्याच्या पाठीवर हात ठेवावा, तर तोही प्रामाणिकपणा होणार नाही. खूण उमटणे निराळे आणि ती कोणाला वाचता येणे निराळे. प्रयोगशाळेत खूण एकाच प्रकाशकणावर असेल तर ती पुसूनसुद्धा टाकता येते, आणि मग त्या कणांची जुळणी करून पाहिली तर पट्टे परत सापडतात. त्या खोलीतली खूण मात्र अब्जावधी कणांवर फुटून गेली. ती पुसणे कोणाच्या हाती नाही आणि गोळा करणेही नाही. पत्र जाळणाऱ्याला वाटते, पुरावा गेला. खरे तर तो धुरात, राखेत, उबेत विखुरलेला असतो, आणि कोर्टात ऊब दाखल करून घेत नाहीत. कनकदासाला यातले काही भोगावे लागले नाही, कारण त्याच्या साक्षीदाराला सगळे वाचता येत होते. माझ्यासारख्याला फक्त एवढीच खात्री मिळते, की खोटे बोलणारा कोणीतरी एक आहे, किंवा आपल्याला हवे तेच ऐकलेला कोणीतरी एक आहे. आणि तो कोण, हे कोणतेही शास्त्र मला काढून देणार नाही.

धाकटा आता भाड्याच्या जागेत राहतो. एकदा मी त्याला हे सगळे सांगितले. त्याने शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, ‘त्या वेळी खिडकी उघडी होती. बाबांच्या उशाशी दिवा होता. त्यांच्या ओठांवर पडलेला उजेड बाहेर गेला असेल ना?’ मी म्हटले, गेला असेल. त्यातला बराचसा समोरच्या झाडात आणि गच्चीवर अडला असेल, पण थोडा वर आकाशातही गेला असेल. ‘मग आता कुठे असेल?’ मी बोटांवर हिशेब केला. व्याधाचा तारा आपल्यापासून सुमारे साडेआठ प्रकाशवर्षांवर आहे. तो उजेड त्याहूनही दूर गेलेला असणार.